सहस्रपाने : पॅरिसमधील एका छोट्या वर्गाचा पूर्वेतिहास

पॅरिसला जाणाऱ्या प्रवाशाच्या कार्यक्रमात लूव्र आणि आयफेल मनोरा यांच्या जोडीला गेल्या काही दशकांत आणखी एक गोष्ट येऊन बसली आहे : अर्ध्या दिवसाचा पेस्ट्रीचा वर्ग. सहा-आठ विद्यार्थी, एक शिक्षक, एक लांब ओटा, शिकवण्याची भाषा बहुधा इंग्रजी, आणि शेवटी कागदी पिशवीत घालून न्यायला आपल्या हातचे क्रोआसाँ. पर्यटनव्यवसायाने काढलेली एक करमणूक म्हणून याकडे पाहणे सोपे आहे, आणि ते सर्वस्वी चूकही नाही. परंतु साहित्याच्या अभ्यासकांनी येथे थोडे थांबावे असे आम्हांला वाटते. कारण या वर्गाच्या मागे एक जुना प्रश्न उभा आहे आणि तो आपल्याही व्यवसायाचा आहे : हाताला असलेले ज्ञान शब्दांत किती मावते? आणि जे मावत नाही, ते कोणाच्या स्वाधीन राहते?

आरंभी हा प्रश्न पडण्याचे कारणच नव्हते. पॅरिसमधले पातिस्ये, म्हणजे पेस्ट्री करणारे कारागीर, इतर धंद्यांप्रमाणेच संघाच्या शिस्तीत बांधलेले होते. नवव्या शार्लच्या कारकिर्दीत, १५६६ मध्ये, त्यांच्या संघाचे नियम राजाज्ञेने पक्के झाले. मुलगा लहान वयात उस्तादाच्या दुकानात उमेदवार म्हणून राही. झाडलोट करता करता पाही आणि पाहता पाहता करू लागे. या जुन्या संघांमध्ये कारागिराला स्वतः उस्ताद व्हायचे असेल, तर आपल्या कौशल्याची साक्ष देणारी एक वस्तू जाणत्यांपुढे ठेवावी लागे. तिला 'शेदव्र' म्हणत. फ्रेंच समीक्षा आज श्रेष्ठ साहित्यकृतीला जो शब्द लावते तो हाच. समीक्षेच्या दालनात येण्यापूर्वी तो कारखान्यांतून राबून आलेला आहे. या व्यवस्थेत ज्ञान सुरक्षित होते, पण तितकेच बंदिस्तही होते.

या बंद दाराला फट पाडली ती पुस्तकाने. १६५३ साली 'ल पातिस्ये फ्रान्स्वा' हे पुस्तक पॅरिसमध्ये लेखकाच्या नावावाचून प्रसिद्ध झाले. १६५१ मध्ये 'ल क्विझिनिए फ्रान्स्वा' लिहिणारा ला व्हारेन हाच त्याचाही कर्ता, असे पुष्कळदा मानले गेले आहे. फ्रेंचमधील केवळ पेस्ट्रीला वाहिलेले पहिले पुस्तक म्हणून त्याचा उल्लेख होतो. १६५५ मध्ये अ‍ॅमस्टरडॅमच्या एल्झेव्हिए या मुद्रकांनी काढलेली त्याची छोटेखानी आवृत्ती पुढे दुर्मीळ ग्रंथांच्या संग्राहकांना वेड लावणारी ठरली, कारण तिच्या फारच थोड्या प्रती उरल्या होत्या. स्वयंपाकघरातले पुस्तक वाचले जाते तसे वापरलेही जाते, आणि लोण्यापिठाच्या हातांत ते झिजून जाते. ज्या प्रती टिकल्या त्या बहुधा ओट्यापासून दूर राहिल्या असाव्यात.

पुस्तकाची मर्यादा नेमक्या शब्दांत मांडली ती शतकाने नंतर दिदरोने. विश्वकोशाच्या १७५० सालच्या निवेदनपत्रात त्याने सांगितले की, धंद्यांची माहिती गोळा करण्यासाठी आपण पॅरिसच्या कारखान्यांत गेलो, कारागिरांना प्रश्न विचारले, त्यांच्या तोंडून टिपणे उतरवली. परंतु आपले काम स्पष्टपणे समजावून सांगू शकतील अशी माणसे हजारांत डझनभरही मिळणे कठीण. कारागिरांना कमी लेखणारे हे विधान आहे असे कोणी म्हणेल. आम्हांला त्यात शब्दांनी केलेला स्वतःचा पराभवही दिसतो. म्हणूनच दिदरोने चित्रांचा आधार घेतला. विश्वकोशाच्या चित्रखंडांत पेस्ट्रीच्या कामाची जागा आहे, लाटणी आणि साचे आहेत. लाटणे केवढे हे चित्रात कळते. ते किती दाबायचे हे कळत नाही.

राज्यक्रांतीने मार्च १७९१ च्या कायद्याने कारागिरांचे संघ मोडीत काढले. त्यानंतरच्या पॅरिसमध्ये एक अनाथवत मुलगा व्हिव्हिएन मार्गावरच्या सिल्व्हाँ बायी यांच्या पेस्ट्रीच्या दुकानात उमेदवारीला लागला. त्याचे नाव मारी-आंत्वान कारेम. मालकाने त्याला राष्ट्रीय ग्रंथालयाच्या चित्रसंग्रहात जाऊन बसण्याची मोकळीक दिली. तेथे त्याने वास्तुकलेची चित्रे पाहून त्यांच्या नकला केल्या, आणि त्या मंदिरांचे, मनोऱ्यांचे, भग्नावशेषांचे आकार साखरेत आणि पिठात उभे केले. १८१५ मध्ये त्याचा 'ल पातिस्ये रॉयाल पारिझिएन' हा ग्रंथ निघाला. दुकान आणि ग्रंथालय यांच्यामध्ये जेमतेम रस्ता ओलांडण्याचे अंतर होते. ते ओलांडणाऱ्या उमेदवारामुळे धंद्याला लेखक मिळाला.

त्याच ग्रंथालयाच्या दुसऱ्या अंगाने रिशल्य मार्ग जातो. १८३० च्या दशकाच्या अखेरीस ऑगस्ट त्सांग नावाच्या एका ऑस्ट्रियन माणसाने या मार्गावर व्हिएन्नी पद्धतीची बेकरी काढली. तिथला चंद्रकोरीच्या आकाराचा किप्फेल पॅरिसला आवडला आणि त्याला क्रोआसाँ, म्हणजे वाढती चंद्रकोर, हे फ्रेंच नाव पडले. १६८३ मधील व्हिएन्नाचा वेढा किंवा मारी आंत्वानेत यांच्याशी क्रोआसाँचा संबंध जोडणाऱ्या कथा वर्गावर्गांतून सांगितल्या जातात, पण त्यांना समकालीन पुरावा नाही. खरी हकीकत त्याहून कमी रंजक नाही. हाच त्सांग मायदेशी परतला आणि १८४८ मध्ये त्याने व्हिएन्नात 'दी प्रेसे' हे वृत्तपत्र सुरू केले. त्याने विकलेला पदार्थ मात्र अजून आजचा क्रोआसाँ नव्हता. पापुद्र्यांच्या पिठाचा क्रोआसाँ फ्रेंच कारागिरांच्या हाती पुढे घडला आणि विसाव्या शतकात रूढ झाला. म्हणजे फ्रेंचपणाची ही खूण परक्याने आणलेली आणि नंतर आपलीशी केलेली आहे.

पापुद्र्यांच्या पिठाला फ्रेंचमध्ये जे नाव आहे त्याच्या मुळाशी 'फय' हा शब्द आहे. त्याचा अर्थ झाडाचे पान आणि कागदाचे पान असा दोन्ही. मराठीत 'पान' नेमके हेच दुहेरी काम करते. 'मिल-फय' या पेस्ट्रीचे नाव म्हणूनच आपल्याला 'सहस्रपान' असे विनासायास उतरवता येते. मराठीनेही पीठ आणि ग्रंथ एका क्रियापदात बांधले आहेत. आपण दोन्ही चाळतो. पापुद्र्यांचे तत्त्व चिरोटे करणाऱ्या घरांत माहीत असते : दोन थरांमध्ये स्निग्ध पदार्थ राहिला तर ते एकमेकांना चिकटत नाहीत. चिरोट्यात ते काम साटा करतो, येथे लोण्याची लादी. पिठात लोणी गुंडाळून लाटायचे, तिहेरी घडी घालायची, थंड जागी विसावा द्यायचा, पुन्हा लाटायचे. अशा तीन घड्यांत लोण्याचे २७ थर होतात, सहा घड्यांत ७२९. भट्टीत लोणी वितळते, पाण्याची वाफ होते आणि थर उचलले जातात. हिशेब शाळकरी मुलालाही यावा इतका सरळ आहे. कठीण आहे ते हे की, पीठ आणि लोणी यांची मऊपणाची पातळी प्रत्येक वेळी सारखी असावी लागते. लोणी कडक राहिले तर फुटते, सैल झाले तर पिठात मुरते. ही पातळी कशी ओळखायची, येथे पुस्तक गप्प होते.

हा गप्पपणा भरून काढण्यासाठी वर्ग आला, आणि तोही छापील शब्दाचे बोट धरून. १८९५ मध्ये मार्त दिस्तेल या पत्रकार स्त्रीने 'ला क्विझिनिएर कॉर्दों ब्ल' हे पाककलेचे नियतकालिक सुरू केले. वर्गणीदारांना ओढण्यासाठी तिने आचाऱ्यांची प्रात्यक्षिके योजली, आणि जानेवारी १८९६ मध्ये पाले-रोयाल भागात पहिला वर्ग भरला. कॉर्दों ब्ल ही संस्था अशी एका नियतकालिकाची पुरवणी म्हणून जन्मली. ज्या धंद्याची उमेदवारी प्रामुख्याने मुलग्यांची होती, त्याची विद्या आता वर्गणी भरणाऱ्या गृहिणींपुढे उघड्यावर आली. दार उघडले, पण ते पैशाने उघडले, ही दोन्ही वाक्ये एकाच वेळी खरी आहेत.

प्रवाशाचा वर्ग या परंपरेला जोडला गेला तो दुसऱ्या महायुद्धानंतर. नवऱ्याच्या नोकरीनिमित्त पॅरिसला आलेली ज्युलिया चाइल्ड १९४९ मध्ये कॉर्दों ब्लमध्ये दाखल झाली. तिच्या वर्गात अकरा माजी अमेरिकी सैनिक होते आणि शिक्षक मॅक्स ब्युन्यार. १९५१ च्या परीक्षेत ती पहिल्या खेपेस नापास झाली. कठीण पदार्थ तिला येत होते. विचारले गेले ते संस्थेच्या प्राथमिक पुस्तिकेतले, आणि ती तिने पाठ केलेली नव्हती. हात पुढे गेला होता, पाठांतर मागे राहिले होते. जानेवारी १९५२ मध्ये तिने सिमोन बेक आणि लुइझेत बेर्तोल यांच्यासह मोजक्या अमेरिकी स्त्रियांसाठी घरच्याच स्वयंपाकघरात शिकवणे सुरू केले. आजच्या छोट्या वर्गाचा नमुना तो हाच. याच अनुभवाच्या जोरावर तिघींचा ग्रंथ १९६१ मध्ये सिद्ध झाला. पापुद्र्यांचे पीठ आले ते चाइल्ड आणि बेक यांच्या १९७० सालच्या दुसऱ्या खंडात. त्यातील रेखाटने पॉल चाइल्ड यांच्या छायाचित्रांवरून केलेली आहेत, आणि ती करणाऱ्याच्या खांद्यावरून पाहावे तशी आहेत. दिदरोची चित्रे समोरून पाहत होती. ही आपल्याला ओट्याच्या आतल्या बाजूला उभे करतात. १९७५ मध्ये अ‍ॅन विलन यांनी पॅरिसमध्ये इंग्रजी भाषकांसाठी संस्था काढली आणि तिला नाव दिले 'ला व्हारेन'. वर्ग पुन्हा ग्रंथकाराच्या नावाशी येऊन पोहोचला.

काही वर्षांपूर्वी अशाच एका वर्गात आम्ही सहाजण होतो. समोर ठेवलेल्या कागदावर ग्रॅम आणि मिनिटे नीट लिहिलेली होती. शिक्षकाने त्याकडे एकदाही पाहिले नाही. त्याने लोण्याची लादी ओट्याच्या कडेवर वाकवून दाखवली : ती वाकली पाहिजे, मोडता कामा नये. मग प्रत्येकाच्या पिठावर अंगठा टेकवला आणि प्रत्येकाला दाबायला लावला. पीठ किती वेळ ठेवायचे, या प्रश्नावर तो म्हणाला, "होईपर्यंत." आपल्या आज्यांचे 'अंदाजाने' आणि 'हाताला लागेल तसे' हेच होते. अंगठ्याचा तो अर्धा क्षण कोणत्याही पुस्तकात नव्हता, आणि सारे शुल्क त्यासाठी होते असे आम्ही आजही मानतो.

पण आणखी एक गोष्ट तेथेच कळली. क्रोआसाँच्या पिठाला विसावे देत आणि फुगवत पुष्कळ तास जातात, वर्ग तीन तासांचा असतो. म्हणून आम्ही घड्या घातलेले पीठ शीतकपाटात गेले, आणि आम्ही कापून वळले व भाजले ते आदल्या दिवशी तयार केलेले पीठ. ते करणारी तरुण मुलगी वर्गभर मागच्या मोरीपाशी भांडी घासत होती. तिची ओळख करून दिली गेली नाही. पिशवीतले क्रोआसाँ 'आमच्या हातचे' होते ते तिच्या हातावर उभे राहून.

इतिहास असा वाचला की त्यातली एक रेषा ठळक होते. कारेमचे नाव ग्रंथामुळे राहिले, चाइल्डचे ग्रंथ आणि दूरचित्रवाणी यांमुळे. ज्यांनी घड्या घातल्या आणि लिहिले नाही ते दिदरोच्या हजारांत जमा झाले. छोट्या वर्गाने उमेदवारीची जागा घेतलेली नाही; ती तो घेऊही शकत नाही. धंद्यात शिरू पाहणारी तरुण मुले आजही दोन वर्षांच्या प्रमाणपत्रासाठी पहाटे उठून शिकतात. वर्ग प्रवाशाला कारागीर करत नाही. फार तर बरा वाचक करतो, आणि हे काही थोडे नाही. वर्गातून आल्यावर पाककृतीतले 'थंड जागी विसावा द्यावा' हे वाक्य पूर्वीसारखे वाचता येत नाही. त्याच्या पाठीमागे अंगठा जाणवतो. पुण्यात मे महिन्यात लोणी ओट्यावर हातातून निसटू लागते तेव्हा हेही कळते की, ते वाक्य एका विशिष्ट हवेत लिहिलेले आहे. मजकुराला हवा असते, हात असतात, आणि बहुतेक वेळा मोरीपाशी उभे असलेले कोणीतरी असते. पानांची संख्या मोजताना तेवढे माणूस मोजायचे राहू नये.