वेरावळच्या तीन गाड्या : जप्त वाहन आणि सरकारची जबाबदारी

१/९
सप्टेंबर १९४७. जुनागढच्या नवाबाने पाकिस्तानात सामील होण्याचा निर्णय जाहीर केला होता. त्याच धामधुमीत वेरावळ बंदरावर जुनागढ संस्थानाच्या जकात अधिकाऱ्यांनी एका मालकाचे दोन मालट्रक आणि एक स्टेशन वॅगन जप्त केली. आरोप जकात चुकवल्याचा. या तीन गाड्यांचा वाद पुढे थेट सर्वोच्च न्यायालयात पोहोचला.

२/९
येथे एक भेद ध्यानात घ्यावा. वस्तू जप्त होणे आणि ती कायमची सरकारजमा होणे, या दोन निराळ्या गोष्टी. जप्तीने ताबा जातो. मालकी लगेच जात नाही. गाड्या सरकारजमा करण्याच्या आदेशाविरुद्ध मालकाने अपील केले. म्हणजे अंतिम निर्णय अजून व्हायचा होता.

३/९
दरम्यान राज्येच बदलली. ९ नोव्हेंबर १९४७ रोजी जुनागढचा कारभार भारत सरकारने हाती घेतला. १९४९ मध्ये संस्थान सौराष्ट्रात, १९५६ मध्ये सौराष्ट्र द्वैभाषिक मुंबई राज्यात आणि १९६० मध्ये हा प्रदेश नव्या गुजरात राज्यात गेला.

४/९
गाड्या मात्र उघड्यावर पडून होत्या. त्यांच्याकडे कोणी लक्ष दिले नाही. किमती सुटे भाग चोरीला गेले आणि अखेर नुसते सांगाडे उरले. अपील प्रलंबित असतानाच ते बेवारस माल म्हणून विकले गेले. मालक न्यायालयात दाद मागत होता आणि सरकारी कागदावर त्याची मालमत्ता बेवारस ठरत होती!

५/९
पुढे महसूल न्यायाधिकरणाने सरकारजमा करण्याचा आदेश रद्द केला आणि गाड्या परत देण्यास सांगितले. पण परत देणार काय? मालकाने गाड्या किंवा त्यांची किंमत मागणारा दावा लावला. सरकारचा बचाव असा, की गाड्या सांभाळण्याचा कोणताही करार झालेला नव्हता.

६/९
१९६७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा बचाव फेटाळला. दुसऱ्याची वस्तू ताब्यात घेणाऱ्यावर करार नसतानाही ती सांभाळण्याची जबाबदारी येते. शिवाय अपिलात जप्ती रद्द होऊ शकते. म्हणून वस्तू परत देता येईल अशा स्थितीत ठेवणे सरकारला बंधनकारक आहे. वस्तू देता येत नसेल, तर किंमत द्यावी. सत्तांतरे झाली, तरी देणे चुकले नाही.

७/९
तरीही पोलीस ठाण्यांच्या आवारात गाड्या गंजतच राहिल्या. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम ४५१ आणि ४५७ अन्वये सुपुर्दनाम्यावर वाहन सोडण्याची सोय होती. परंतु खटला संपेपर्यंत मुद्देमाल अडकवून ठेवण्याची सवय सुटत नव्हती. मालकांना अर्ज घेऊन न्यायालयांच्या पायऱ्या झिजवाव्या लागत.

८/९
१ ऑक्टोबर २००२ रोजी ‘सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य’ या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले, की जप्त वाहने दीर्घकाळ ठाण्यात ठेवण्यात काहीच अर्थ नाही. पंचनामा करावा, छायाचित्रे काढावीत, हमी आणि जातमुचलका घेऊन वाहन सोडावे. मुद्देमाल ठाण्यात पंधरा दिवस ते महिन्याहून अधिक काळ राहू नये. कोणीच दावा न केल्यास वाहनाचा लिलाव करावा. पुराव्यासाठी गाडीचा सांगाडा लागत नाही, नोंद पुरते.

९/९
१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ मध्ये आता मुदतीच आल्या आहेत : न्यायालयाने १४ दिवसांत मालमत्तेचे विवरण तयार करावे, तिची छायाचित्रे घ्यावीत आणि त्यानंतर ३० दिवसांत तिच्या विल्हेवाटीचा आदेश द्यावा. वेरावळच्या मालकाला सर्वोच्च न्यायालयाचा निकाल हाती येण्यासाठी जवळपास वीस वर्षे थांबावे लागले होते. उशिरा मिळालेल्या न्यायाने किंमत मिळते. गाडी मिळत नाही. म्हणूनच या प्रश्नात मुदतीला हक्काइतकेच मोल आहे.