शिवराम वाशीकर : संतपटांमागचा लेखक

‘प्रभात फिल्म कंपनी’च्या १९३६ सालच्या ‘संत तुकाराम’ या चित्रपटाचा उल्लेख झाला की विष्णुपंत पागनीसांची भूमिका आणि दामले-फत्तेलाल यांचे दिग्दर्शन आठवते. मात्र श्रेयनामावलीत, म्हणजे चित्रपटाच्या प्रारंभी येणाऱ्या कलावंत-तंत्रज्ञांच्या यादीत, लेखक म्हणून झळकलेले शिवराम वाशीकर हे नाव प्रेक्षकांच्या स्मरणातून जवळजवळ पुसले गेले आहे. दामले ध्वनिमुद्रणातले आणि फत्तेलाल कलादिग्दर्शनातले जाणकार होते, हे लक्षात घेता या चित्रपटातील बोलण्याची सहजता ही मुख्यतः लेखणीची कमाई मानावी लागते.

तुकोबांचे पारंपरिक चरित्र प्रामुख्याने अठराव्या शतकातील महीपतीच्या ‘भक्तविजय’ व ‘भक्तलीलामृत’ या ओवीबद्ध ग्रंथांतून लोकांपर्यंत पोचले. चरित्रकाराला चमत्कारांची मालिका पुरते. पटकथेला, म्हणजे दृश्यांच्या क्रमाने रचलेल्या कथेला, मात्र टिकून राहणारा संघर्ष लागतो. तो वाशीकरांनी दोन ठिकाणी उभा केला. एक सालोमालोच्या रूपाने, जो दुसऱ्याचे अभंग स्वतःच्या नावावर खपवतो. दुसरा, आणि अधिक मोलाचा, तुकोबांच्या घरातच. विठ्ठलाच्या नादाने संसार बुडाला म्हणून चिडणारी, आजारी मुलासाठी पायताण घेऊन देवळात देवालाच जाब विचारायला जाणारी त्यांची पत्नी आवली (गौरी यांनी ती साकारली) ही खरे तर चित्रपटाचा कणा आहे. भक्ताच्या बाजूने झुकलेल्या कथेत भुकेची बाजूही तितक्याच ताकदीने बोलते, हे त्या काळच्या संतपटांत दुर्मीळ होते.

मुंबईच्या सेंट्रल चित्रपटगृहात हा चित्रपट ५७ आठवडे चालला आणि १९३७ मध्ये व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात गौरवला गेला. त्यानंतर वाशीकरांनी ‘प्रभात’साठी ‘गोपालकृष्ण’ (१९३८), ‘संत ज्ञानेश्वर’ (१९४०) आणि ‘संत सखू’ (१९४१) लिहिले. ‘ज्ञानेश्वर’मध्ये चमत्कारांचे, त्यातही ट्रिकदृश्यांचे, वजन वाढले आणि आवलीसारखे खटकेबाज माणूस तिथे उभे राहिले नाही, ही त्या लेखनाची मर्यादा म्हणावी लागेल.

व्ही. शांताराम यांनी १९४२ मध्ये ‘प्रभात’ सोडल्यानंतर आलेला ‘रामशास्त्री’ (१९४४) हा वाशीकरांच्या लेखनातला निराळा टप्पा आहे. नारायणराव पेशव्यांच्या १७७३ मधील खुनाबद्दल राघोबादादांना देहान्त प्रायश्चित्त सांगणाऱ्या न्यायाधीशाच्या या कथेत देवत्व नाही, चमत्कार नाही. सत्तेपुढे उभी राहिलेली न्यायबुद्धी आहे. निर्मितीच्या काळात या चित्रपटाचे दिग्दर्शक बदलत गेले आणि अखेर तो रामशास्त्र्यांची भूमिकाही करणाऱ्या गजानन जागीरदारांच्या दिग्दर्शनाखाली पडद्यावर आला.