पडणाऱ्याचं कसब

तलवारबाजीच्या प्रसंगात नायक जिंकतो, कारण समोरचा नीट पडतो. बाकी सगळी सजावट. हौशी रंगभूमीवर ऐतिहासिक नाटकांतल्या लढाया बसवण्यात माझी उमेदीची वर्षं गेली. बेगड लावलेल्या लाकडी तलवारी, रंगीत मंदिल, कुणाच्या तरी काकांचा अंगरखा, सगळं जमायचं. महाराजही उत्तम मिळायचे. पण धडपणे मरणारा गनीम काही मिळायचा नाही. कुणी वार होण्याआधीच आडवा व्हायचा, कुणी पडल्यावर धोतर सावरायचा. म्हणूनच क्योतोच्या सेइझो फुकुमोतो या नटाविषयी मला जिव्हाळा आहे. या माणसानं साठ वर्षांच्या आसपास एकच काम केलं: मरण्याचं.

जपानी सिनेमात हा रीतसर पेशा आहे. नायकाच्या तलवारीखाली कापला जाणारा तो किरारेयाकु. त्याचं माहेर म्हणजे क्योतोच्या पश्चिमेचं उझुमासा हे उपनगर. सुरुवातीच्या मूकपटांत, मात्सुनोसुके ओनोए या नटाच्या जमान्यात, पडद्यावरची लढाई काबुकीच्या वळणाची होती. तोल सांभाळून घेतलेल्या ठरावीक मुद्रा, मध्ये थांबणं, पुन्हा एक मुद्रा. १९१७ साली शिनकोकुगेकी ही नाटकमंडळी निघाली आणि तिनं रंगमंचावर वेगवान, खरी वाटेल अशी तलवार आणली. सिनेमानं ती लगेच उचलली. १९२५ च्या 'ओरोची'मध्ये त्सुमासाबुरो बांदो हा नट शेवटी एकटाच अख्ख्या जमावाशी लढतो. जमाव आला म्हणजे जमावात मरणारे आले, आणि एकावर एक न आपटता, पाळीपाळीनं मरायचं तर तालीम आली. तिथून पेशा उभा राहिला.

दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकी अंमलात सरंजामी निष्ठेचे आणि तलवारीचे चित्रपट जवळजवळ बंदच होते. तो अंमल संपत असतानाच, १९५१ साली, तोएइ कंपनी स्थापन झाली आणि तलवारपटांचा धबधबा सुरू झाला. ह्योगो प्रांतातल्या कासुमी या समुद्रकाठच्या गावात १९४३ साली जन्मलेले फुकुमोतो तोएइच्या क्योतो स्टुडिओत दाखल झाले १९५८ साली, वयाच्या पंधराव्या वर्षी. मुहूर्त असा, की त्याच वर्षी जपानात सिनेमाची ११२ कोटींवर तिकिटं खपली. लोकसंख्या नऊ कोटींच्या वर. म्हणजे तान्ह्या बाळापासून आजोबांपर्यंत माणशी वर्षाला बारा सिनेमे. तो उच्चांक जपानला पुन्हा कधी गाठता आला नाही.

स्टुडिओत नटांची उतरंड होती. ताऱ्यांना स्वतंत्र खोल्या, आणि उरलेल्या शेकड्यांनी नटांना मिळून एक मोठी खोली. तिला ओबेया म्हणत. या खोलीतल्या माणसानं सकाळी शिपाई व्हायचं, दुपारी टोप बदलून दरोडेखोर आणि तिन्हीसांजेला नुसतं मढं. फुकुमोतो पन्नास हजार वेळा मेले असं जपानी वर्तमानपत्रं लिहायची. हा आकडा कुणी वहीत मांडलेला नाही, पण हिशेब करून बघा. पन्नास वर्षांत पन्नास हजार म्हणजे वर्षाला हजार, दिवसाला तीनच्या आत. एकाच चित्रपटात माणूस दोन-तीनदा मरतो, तालमीत मरतो, कॅमेरा चुकला म्हणून पुन्हा मरतो, हे ध्यानात घेतलं तर आकडा फारसा फुगवलेला वाटत नाही.

आता खुद्द कारागिरी बघू. जपानी पडद्यावरच्या तलवारबाजीला ताते म्हणतात आणि ती बसवणारा तो तातेशी. मध्यभागी नायक, त्याला 'शिन' म्हणतात. भोवतीचे सगळे 'कारामी'. तलवार बहुधा बांबूची, वर चंदेरी वर्ख. ती अंगाला लागायची नसते. पातं शरीराच्या आडून, कॅमेऱ्याला अंतर दिसणार नाही अशा बेतानं जातं. म्हणजे वार झाला हे दाखवायची सगळी जबाबदारी खाणाऱ्यावर. त्यानं जीव घेण्याच्या आवेशात धावून जायचं, पण नेमक्या ठिकाणी छाती उघडी ठेवायची. नायकाचा हात उशिरा आला तर आपण अर्धी मात्रा थांबायचं. त्याचा पाय घसरला तर आपल्या तलवारीचं टोक वळवून घ्यायचं, कारण ताऱ्याला ओरखडा आला की चित्रीकरण अडलं. आणि हे सगळं मागून चार जण धावून येत असताना, त्यांची वाट मोकळी ठेवून.

फुकुमोतोंची स्वतःची खूण म्हणजे एबिझोरी, कोळंबीची कमान. वार लागला की ते टाचा उचलत, पाठ मागे वाकत जाई, हात हवेत काहीतरी धरायला बघत आणि क्षणभर त्याच अवस्थेत थांबून ते धाडकन मागच्या मागे कोसळत. यात हिशेब होता. पुढे पडणाऱ्याचं तोंड जमिनीत जातं आणि प्रेक्षकाला फक्त टोप दिसतो. मागे वाकणाऱ्याचा चेहरा कॅमेऱ्यासमोर येतो. खोल डोळे, बसलेली गालफडं असा तो चेहरा लोकांच्या ध्यानात राहिला, नाव राहिलं नाही तरी. पडण्याचं वेड त्यांना चॅप्लिनपासून लागलं होतं. माझ्या मते ही नक्कल नव्हे, गुरू बरोबर निवडला होता.

पुढे काळ फिरला. १९६२ च्या 'सान्जुरो'त दिग्दर्शक कुरोसावांनी एकाच वारात रक्ताचा फवारा उडवला आणि तोएइची नाचरी, रक्तहीन तलवारबाजी एकदम जुनी दिसू लागली. कंपनी गुंडपटांकडे वळली; तलवारीनं मरणारे आता पिस्तुलानं मरू लागले. घरोघरी टीव्ही आला आणि चित्रपटगृहं ओस पडू लागली. ज्या दाइएइ कंपनीनं 'राशोमोन' काढला, तिचं १९७१ मध्ये दिवाळं निघालं. तोएइनं १९७५ साली उझुमासातले सेट तिकीट लावून पर्यटकांना खुले केले.

ओबेयातल्या नटांना तारलं ते टीव्हीनंच. 'मितो कोमोन' ही मालिका १९६९ ते २०११ चालली, १२०० च्या वर भाग. दर भागाच्या शेवटाकडे, ठरलेल्या वेळी, हाणामारी. १९७८ मध्ये सुरू झालेल्या 'आबारेनबो शोगुन'मधला शोगुन तर तलवार उलटी करून पात्याच्या पाठीनं मारतो. तेव्हा पुढच्या आठवड्यात तोच माणूस दुसऱ्या दुष्ट सरदाराच्या चाकरीत दिसला, तर तक्रार करायला जागा नव्हती!

फुकुमोतोंना जगानं ओळखलं ते २००३ च्या 'द लास्ट सामुराई'मुळे. टॉम क्रूझवर पहारा ठेवणारा मुका वाटावा असा म्हातारा सामुराई ते झाले. चित्रपटभर गप्प, आणि शेवटी क्रूझच्या अंगावर येणारी गोळी स्वतः घेतात. म्हणजे हॉलिवूडनंही त्यांना मरायलाच बोलावलं. पहिली प्रमुख भूमिका मिळाली २०१४ च्या 'उझुमासा लाइमलाइट'मध्ये, मालिका बंद पडल्यानं काम गेलेल्या किरारेयाकुची. माँट्रियालच्या फँटेशिया महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक त्यांना मिळालं, वय ७१. १ जानेवारी २०२१ रोजी कर्करोगानं ते गेले.

त्यानंतर जुनइची यासुदा या दिग्दर्शकानं 'अ सामुराई इन टाइम' काढला. यासुदा भातशेतीही करतो. काळाच्या फेऱ्यात सापडून आजच्या क्योतो स्टुडिओत पोचलेला खरा सामुराई किरारेयाकु होतो, अशी गोष्ट. त्यातल्या तातेशीची भूमिका फुकुमोतोंसाठी होती; ती त्यांचे जुने सहकारी रानतारो मिने यांनी केली. ऑगस्ट २०२४ मध्ये तोक्योच्या एकाच चित्रपटगृहात लागलेला हा सिनेमा पुढे देशभर पसरला आणि २०२५ मध्ये जपान अकादमीचा सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला.

हा गौरव योग्यच. पण पारितोषिकानं पेशा जगत नाही, कामानं जगतो. दर आठवड्याच्या मालिका होत्या तेव्हा पंधरा वर्षांच्या पोराला चुकत, पडत शिकायला वेळ मिळत होता. आज नायक लागला तर महिन्याभराच्या शिकवणीनं तयार करता येतो; त्याला शूर ठरवणारा गडी मात्र वीस-वीस वर्षं पडल्याशिवाय तयार होत नाही. आपल्याकडे शिवकालीन चित्रपट धडाक्यानं काढणाऱ्यांनी तेवढं ध्यानात ठेवावं, आणि गनिमांना तालमीचे पैसे द्यावेत.