तबकडीचे वेष्टन आणि कारागिराची सही

आपल्यापैकी ज्यांच्या घरी वडीलधाऱ्यांच्या काळातील ग्रामोफोन अद्याप जपून ठेवलेला असेल, त्यांस जुन्या तबकड्या कशा मिळत असत हे स्मरत असेल. साध्या कागदाचे एक पाकीट, त्याच्या मध्यभागी वाटोळे भोक, आणि त्या भोकातून दिसणाऱ्या लहानशा चकतीवर गायकाचे नाव व कंपनीचे चिन्ह, एवढाच काय तो थाट. आतील गाणे भक्तिरसाचे आहे की नाटकातील आहे, हे पाकीट पाहून कळण्याचा संभव नसे. पुढे लांब वेळ वाजणाऱ्या मोठ्या तबकड्या आल्या आणि त्यांच्याबरोबर रंगीत चित्रांची चौकोनी वेष्टनेही आली. कित्येक घरांत ही वेष्टने बैठकीच्या खोलीत दर्शनी लावून ठेवलेली असत.

हा पालट आपोआप झाला नाही. त्याच्या मुळाशी प्रामुख्याने एक मनुष्य होता. अमेरिकेतील न्यूयॉर्क शहराच्या ब्रुकलिन भागात 24 मार्च 1917 रोजी जन्मलेले ॲलेक्स स्टाइनवाइस हे ते गृहस्थ होत. इतक्या दूरच्या कलावंताचे चरित्र आपल्या ज्ञातिसंस्थेच्या स्मरणिकेत कशासाठी, असा प्रश्न सुज्ञ वाचकांच्या मनात येईल. ज्या कुटुंबांतील मागच्या पिढ्यांनी हातांच्या कौशल्यावर संसार केले, परंतु ज्यांच्या कामावर त्यांचे नाव कधीही लिहिले गेले नाही, त्यांनी या चरित्राचा विचार करावा असे त्यात बरेच आहे. म्हणूनच हा प्रपंच.

स्टाइनवाइस यांचे घराणे ज्यू धर्माचे, पूर्व युरोपातून अमेरिकेस आलेले. वडील मूळचे वॉर्सा शहराचे. स्त्रियांच्या पादत्राणांचे नमुने तयार करणे हा त्यांचा व्यवसाय. आई रीगा शहरची. ती शिवणकाम करी. थोडक्यात, चामडे आणि सुई यांवर चालणारे ते कारागिराचे घर होते. घरी सुबत्ता नव्हती, परंतु वडिलांना संगीताचे वेड होते आणि तेच मुलाच्या अंगी उतरले. पुढील आयुष्यात मुलाने जे केले त्यात आईबापांच्या या दोन्ही देणग्या, म्हणजे हाताची कारागिरी आणि कानाची गोडी, एकत्र आलेल्या दिसतात.

तथापि केवळ देणगीने मनुष्य घडत नाही; तिला गुरू लागतो. ब्रुकलिनच्या अब्राहम लिंकन हायस्कूलमध्ये लिओन फ्रेंड नावाचे चित्रकलेचे शिक्षक होते. शाळेतील चित्रकलेचा तास म्हणजे विश्रांतीचा तास, अशी समजूत आपल्याकडे आहे तशी तेथेही होतीच. फ्रेंड यांनी ती मानली नाही. त्यांनी निवडक विद्यार्थ्यांचे एक पथक उभारले आणि त्यांच्याकडून भित्तिचित्रे, शाळेची प्रकाशने, अक्षरलेखन अशी प्रत्यक्ष उपयोगाची कामे करून घेतली. युरोपातील नामवंत भित्तिचित्रकारांची कामे ते मुलांपुढे ठेवीत. या एका शाळेतून पुढे कितीतरी उपयोजित कलावंत बाहेर पडले. गरिबांच्या मुलांना चित्रकला हे उपजीविकेचे साधन होऊ शकते, हा विश्वास त्या शिक्षकाने दिला, आणि स्टाइनवाइस यांनी तो सार्थ केला. शिष्यवृत्ती मिळवून ते न्यूयॉर्कच्या पार्सन्स या कलाशाळेत गेले व 1937 साली तेथील शिक्षण पुरे केले. त्यानंतर व्हिएन्नाहून आलेले विख्यात भित्तिचित्रकार जोसेफ बाइंडर यांच्या हाताखाली त्यांनी उमेदवारी केली. सपाट रंग, मोजके आकार आणि एका दृष्टिक्षेपात कळणारा आशय, हा बाइंडर यांच्या शैलीचा गाभा त्यांनी तेथे आत्मसात केला.

1939 च्या सुमारास, ऐन बाविशी-तेविशीत, त्यांना कोलंबिया या ध्वनिमुद्रिका कंपनीत कलादिग्दर्शकाची जागा मिळाली. कंपनीचा कारखाना कनेक्टिकट राज्यातील ब्रिजपोर्ट येथे होता. जाहिराती, सूचिपत्रे आणि दुकानात लावावयाचे फलक तयार करणे हे त्यांचे काम. ते करीत असता त्यांचे लक्ष मालाच्या वेष्टनाकडे गेले.

त्या काळी तबकडी मिनिटास 78 फेरे या वेगाने फिरे व तिच्या एका बाजूवर चार-पाच मिनिटांहून अधिक संगीत मावत नसे. त्यामुळे एखादी दीर्घ रचना ऐकावयाची तर तीन-चार, प्रसंगी त्याहून अधिक तबकड्या लागत. त्या वेगवेगळ्या पाकिटांत घालून छायाचित्रांच्या वहीप्रमाणे पुठ्ठ्यांत बांधीत. ‘आल्बम’ हा शब्द तबकड्यांस लागू झाला तो यावरूनच. या पुठ्ठ्यांवर तपकिरी, करडा किंवा हिरवा कागद व त्यावर नाव, याहून अधिक काही नसे. दुकानातील फळ्यांवर ते ओळीने उभे असत. या व्यवसायातील लोक थट्टेने त्यांस ‘थडगी’ म्हणत, आणि ती उपमा यथार्थ होती.

बीथोवनचे संगीत आणि एखादे हलकेफुलके नाट्यगीत या दोहोंना सारखाच शोकपोशाख का, हा प्रश्न या तरुणाने वरिष्ठांना विचारला. प्रत्येक आल्बमला त्याच्या संगीतास साजेसे स्वतंत्र चित्र द्यावे, अशी त्यांची सूचना होती. छपाईचा खर्च वाढेल ही अडचण उघड होती. परंतु काही आल्बमांवर प्रयोग करून पाहण्यास वरिष्ठांनी संमती दिली. पहिले वेष्टन 1940 साली निघाले. रिचर्ड रॉजर्स व लॉरेंझ हार्ट या जोडीच्या लोकप्रिय नाट्यगीतांचा तो संच होता. न्यूयॉर्कमधील इम्पीरियल नाट्यगृहाच्या दर्शनी फलकावरील दिव्यांची अक्षरे, मालकाची परवानगी घेऊन, त्या आल्बमच्या नावापुरती बदलून घेण्यात आली आणि रात्रीच्या प्रकाशात त्याचे छायाचित्र काढले गेले. त्यावर तबकडीच्या वर्तुळांसारख्या रेषा आल्या. नाटकाचे गाणे नाटकगृहाच्या दारातूनच ग्राहकासमोर आले!

याचा परिणाम विक्रीवर दिसण्यास वेळ लागला नाही. बीथोवनच्या ‘ईरोइका’ सिंफनीचे ब्रुनो वॉल्टर यांनी संचालन केलेले मुद्रण नव्या चित्रवेष्टनात आले, तेव्हा त्याचा खप आठशे टक्क्यांहून अधिक वाढल्याचे ‘न्यूजवीक’ साप्ताहिकाने छापले. संगीत तेच, वाद्यवृंद तोच. बदलला होता तो केवळ पोशाख. इतर कंपन्यांनीही लवकरच हा मार्ग धरला.

स्टाइनवाइस यांच्या चित्रांत वादकाचे वा गायकाचे मुखचित्र क्वचितच आढळते. त्या संगीतातील भाव, त्याची भूमी व त्याचा काळ सुचविणारी प्रतीके ते शोधीत. गर्श्विनच्या ‘ऱ्हॅप्सडी इन ब्लू’साठी त्यांनी गडद निळी रात्र, दिव्याच्या झोतात उभा पियानो आणि मागे शहराच्या इमारती रेखाटल्या. ‘बूगी-वूगी’ या निग्रो वादकांनी घडविलेल्या पियानोशैलीच्या आल्बमवर पियानोच्या पट्ट्यांवर फिरणारे दोन प्रचंड हात आहेत. एक काळा, दुसरा गोरा. अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत काळ्या-गोऱ्यांना एका बाकावर बसण्यासही कायद्याने बंदी असण्याचा तो काळ होता, हे ध्यानी घेतले म्हणजे त्या चित्राचे मोल कळते. अक्षरेही ते पुष्कळदा स्वहस्ते काढीत. त्यांची ती वळणदार, झुलती लिपी पुढे ‘स्टाइनवाइस स्क्रॉल’ या नावानेच प्रसिद्ध झाली.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात त्यांनी अमेरिकन नौदलाच्या प्रशिक्षण विभागात सूचनाचित्रे व शिक्षणसाहित्य तयार केले आणि रात्री वेष्टनांचे काम चालू ठेवले. युद्धानंतर ते स्वतंत्र व्यवसाय करू लागले, तरी कोलंबियाशी त्यांचा संबंध तुटला नाही. आणि मग 1948 साल उजाडले.

त्या वर्षी कोलंबियाने मिनिटास 33⅓ फेरे घेणारी, एका बाजूवर वीस मिनिटांहून अधिक संगीत सामावणारी नवी तबकडी बाजारात आणली. तिच्यावरील खाचा अतिशय बारीक होत्या. प्रथम ती जाड घडीच्या कागदात ठेवून पाहिली, तेव्हा कागदाच्या दाबाने तिच्या पृष्ठावर वळ उमटू लागले. यावर तोड काढण्याचे काम स्टाइनवाइस यांच्याकडे आले. त्यांनी पातळ पुठ्ठ्याचे, एका बाजूने उघडे असे चौकोनी पाकीट योजिले आणि त्यावर छापील चित्राचा कागद चिकटविण्याची रीत ठरविली. यासाठी नवी यंत्रसामग्री लागणार होती. तीत भांडवल गुंतविण्यास तयार असा कारखानदारही शोधावा लागला. ते सर्व जमून आले, आणि तेच पाकीट पुढे जगभर रूढ झाले. आपल्या घरातील भीमसेन जोशींची किंवा लता मंगेशकरांची मोठी तबकडी ज्या प्रकारच्या पाकिटात आली, त्याचा मूळ आराखडा तो हाच.

आता या चरित्रातील मर्माच्या गोष्टीकडे वळू. या पाकिटाचा शोध स्टाइनवाइस यांचा. त्याचा मूळ हक्कही त्यांच्या नावे नोंदला गेला होता. परंतु कोलंबियाशी झालेल्या करारानुसार, तेथील कामात लागलेल्या शोधांवरील हक्क त्यांना सोडून द्यावा लागला. यानंतर कित्येक दशके कोट्यवधी तबकड्या त्या पाकिटांतून विकल्या गेल्या. त्यांपैकी एकीवरही त्यांना हक्काचा मोबदला मिळाला नाही. करारावर सही करणाऱ्या तरुणास तेव्हा भविष्य कसे दिसावे? कारागीर आपला हात विकतो तेव्हा त्या हातून पुढे काय निर्माण होणार आहे, हे त्यालाही ठाऊक नसते आणि विकत घेणाऱ्यालाही नसते. आपल्या घराण्यांतून ही कथा वेगवेगळ्या रूपांत ऐकू येते.

मात्र एक गोष्ट त्यांनी हातची सोडली नाही. आपल्या चित्रांच्या कोपऱ्यात ते बारीक अक्षरांत सही करीत. कंपनीसाठी केलेल्या व्यापारी कामावर कलावंताचे नाव येणे ही त्या काळी सामान्य गोष्ट नव्हती. कोलंबियाशी बांधलेले असता दुसऱ्या एका कंपनीसाठी वेष्टने करण्याचा प्रसंग आला, तेव्हाही ते निनावी राहिले नाहीत. ‘स्टाइनवाइस’ या आडनावाचा अर्थ पांढरा दगड. त्याचे स्पॅनिश रूप करून ‘पिएद्रा ब्लांका’ या टोपणनावाने त्यांनी सही केली! हक्क गेला, पैसा गेला, नाव राहिले. पुढे इतिहासकारांना त्यांचे कार्य उलगडता आले ते कोपऱ्यातील या सह्यांमुळेही.

आपल्या महाराष्ट्रातही याला समांतर असे उदाहरण आहे. स्टाइनवाइस यांच्या आदल्याच वर्षी, 1916 साली, गोव्यात जन्मलेले दीनानाथ दलाल आणि त्यांचे समकालीन रघुवीर मुळगावकर यांनी मराठी पुस्तकांस व दिवाळी अंकांस रंगीत मुखपृष्ठांचे वैभव दिले. वाचक अंक उघडण्यापूर्वी मुखपृष्ठाच्या कोपऱ्यातील सही पाहत आणि ‘हे दलालांचे’, ‘हे मुळगावकरांचे’ असे कौतुकाने म्हणत. सहीमुळेच ते चित्रकार घरोघरी आप्तासारखे झाले.

1960 नंतर तबकड्यांच्या वेष्टनांवर छायाचित्रांचे राज्य आले, नव्या पिढीचे संगीत व नवी अभिरुची आली. आपला काळ सरला हे ओळखून स्टाइनवाइस यांनी पुढील दशकाच्या प्रारंभी या व्यवसायातून निवृत्ती घेतली आणि फ्लोरिडातील सॅरासोटा येथे ते चित्रे रंगविण्यात व मातीची भांडी घडविण्यात रमले. तोवर त्यांच्या हातून सुमारे अडीच हजार वेष्टने झाली होती. दीर्घकाळ विस्मृतीत राहिल्यावर 2009 साली त्यांच्या कार्यावर ताशेन या प्रकाशनसंस्थेने मोठा ग्रंथ काढला, तेव्हा त्यांचे वय 92 वर्षांचे होते. जुलै 2011 मध्ये, वयाच्या 94 व्या वर्षी, ते निवर्तले. आज तबकडी दुर्मिळ झाली. गाणे दूरध्वनियंत्रातून ऐकू येते. परंतु तेथेही प्रत्येक गाण्याशेजारी एक लहानसे चौकोनी चित्र दिसते. तो चौकोन त्या जुन्या वेष्टनाचाच वारसा होय.

या चरित्रातून घ्यावयाच्या गोष्टी दोन. पहिली पालकांसाठी. चित्रकलेकडे ओढा असलेल्या मुलामुलींस ‘याने पोट भरेल काय?’ असे विचारून गप्प करू नये. एखादा लिओन फ्रेंड त्यांस भेटावा, आणि न भेटल्यास आपल्या संस्थेच्या शिष्यवृत्ती निधीने ती उणीव भरून काढावी. दुसरी आपणां सर्वांसाठी. आपल्या आजोबा-पणजोबांनी घडविलेल्या वस्तू कोठे घरात, कोठे देवळात, कोठे गावच्या वाड्यात अद्याप टिकून आहेत. त्यांवर कोणाचेही नाव नाही. पण कोणत्या वस्तूमागे कोणाचा हात होता, हे सांगू शकणारी वडीलधारी माणसे अजून आपल्यात आहेत. त्यांच्यापाशी बसून ती नावे या वर्षीच लिहून घ्यावीत. आणि आरंभ घरापासून करावयाचा तर, या स्मरणिकेचे मुखपृष्ठ ज्याने काढले, अक्षरे ज्याने जुळविली व बांधणी ज्याने केली, त्या सर्वांची नावे यापुढे प्रत्येक अंकात पहिल्या पानावर छापली जावीत, अशी संपादक मंडळास नम्र विनंती आहे.