शून्याची पूजा कोण करतो? नागार्जुनाच्या दोन कारिकांवर भाष्य

काहीच नाही असे मानणारा आणि त्या 'नाही'पुढेच हात जोडणारा पाखंडी पंथ, असे माध्यमिक बौद्धांचे चित्र आपल्याकडे शतकानुशतके रंगवले गेले. वैदिक दर्शनकारांनी त्यांना वैनाशिक, म्हणजे सर्वनाश मानणारे, म्हटले. शंकराचार्यांनी ब्रह्मसूत्रभाष्यात शून्यवाद सर्व प्रमाणांच्या विरुद्ध ठरवला आणि त्याच्या खंडनाला वेळ देण्याचीही गरज मानली नाही. (पुढे खुद्द आचार्यांवरच 'प्रच्छन्न बौद्ध' असा आरोप झाला.) हा पंथ ज्याच्यापासून सुरू झाला त्या नागार्जुनाचा काळ साधारण इसवी सनाचे दुसरे शतक. तिबेटी परंपरा त्याचा जन्म विदर्भात सांगते, तर सातव्या शतकातला चिनी यात्रेकरू ह्युएनत्संग त्याला कोसलात, सातवाहन राजाच्या आश्रयाला ठेवतो. मध्य प्रदेशातल्या आमच्या बालाघाटच्या दक्षिणेला गोंदिया लागते, पूर्वेला छत्तीसगड म्हणजे जुना दक्षिण कोसल. म्हणजे हा विचार या मुलखाला परका नाही. नागार्जुनाच्या 'मूलमध्यमककारिके'तल्या दोन कारिका ओळीओळीने पाहिल्या, तर वरचे चित्र किती चुकीचे आहे ते कळते.

प्रकरण १३, कारिका ८, पूर्वार्ध. आशय: सगळ्या दृष्टी गळून पडाव्यात म्हणून बुद्धांनी शून्यता सांगितली.

दृष्टी म्हणजे घट्ट धरलेले मत. 'आत्मा आहे' ही एक दृष्टी, 'काहीच नाही' ही दुसरी. शून्यता या रांगेतले तिसरे मत नव्हे. ती मताची मूठ सैल करते, एवढेच तिचे काम.

उत्तरार्ध. आशय: ज्यांनी शून्यतेचीच दृष्टी केली, ते असाध्य होत.

असाध्य हा वैद्यकातला शब्द आहे आणि तो फार कठोर आहे. आत्मवाद्याला औषध आहे. शून्याला वस्तू समजून कवटाळणाऱ्याला नाही, कारण त्याला औषधच बाधले. सातव्या शतकातला भाष्यकार चंद्रकीर्ती इथे एक दृष्टांत देतो. दुकानदार म्हणतो, तुला द्यायला माझ्याकडे काही नाही. गिऱ्हाईक म्हणते, मग ते 'काही नाही'च दे. आता या गिऱ्हाइकाला समजवायचे कसे? शून्य पूजणारा पंथ जर कुठे असेलच, तर त्याला पहिला बहिष्कार नागार्जुनानेच घातला आहे. विरोधकांच्या ग्रंथांत या ओळीची दखल क्वचितच दिसते, याचे मला फार वाईट वाटते.

प्रकरण २४, कारिका १८, पहिला व दुसरा चरण. आशय: कारणांवर अवलंबून जे उपजते, त्यालाच आम्ही शून्यता म्हणतो.

सगळ्या वादाची किल्ली इथे आहे. शून्यता म्हणजे अभाव नव्हे. स्वतःच्या बळावर, कशाचाही आधार न घेता उभा राहणारा 'स्वभाव' कशातही सापडत नाही, एवढेच म्हणणे. म्हणून प्रतीत्यसमुत्पाद, म्हणजे कारणांवर अवलंबून उपजणे, आणि शून्यता ही एकाच गोष्टीची दोन नावे.

तिसरा चरण. आशय: ती शून्यताही आधाराने दिलेले नावच आहे.

मूळ संज्ञा 'उपादाय प्रज्ञप्ति'. याला उदाहरण बालाघाटचेच घेतो. वाकाटक राजा दुसरा पृथिवीषेण याचे ताम्रपट या जिल्ह्यात सापडले. त्यांत पूर्वजांची नावे पिढीमागून पिढी येतात. कोसल, मेकल आणि माळव्याचे राजे पृथिवीषेणाच्या वडिलांची, नरेंद्रसेनाची, आज्ञा मानत, असे सांगितले जाते. पृथिवीषेणापर्यंत येऊन लेख थांबतो. कोणते गाव दिले, कोणाला दिले, काहीच कोरलेले नाही. मग याला दानपत्र म्हणावे का? तांबे आहे, अक्षरे आहेत, पण 'दानपत्रपण' त्या तांब्यात कुठे दाखवता येत नाही. राजा, दान, घेणारा, कोरणारा, वाचणारा यांच्या आधाराने ते नाव उभे राहते. एक आधार निसटला की नाव डळमळते. तांबे मात्र हातातच राहते.

इथे घोटाळा होऊ शकतो. न कोरलेला भाग म्हणजे शून्यता, असे समजू नये. तो नुसता अभाव. शेवटच्या अक्षरापर्यंत कोरलेला ताम्रपटही तेवढाच शून्य, कारण तोही आधारांवरच उभा. आणि चरणाचा रोख पाहा: शून्यता स्वतःही असेच आधारावरचे नाव. तिची मूर्ती घडवायला लागणारा दगडच नागार्जुन शिल्लक ठेवत नाही.

चौथा चरण. आशय: हाच मध्यम मार्ग.

वस्तू उपजते म्हणून 'नाही' म्हणता येत नाही. आधाराने उपजते म्हणून 'स्वतःहून आहे' असेही म्हणता येत नाही.

शंका. सारे शून्य असेल तर ते जाणणारा कोण? ज्ञानदेवांनी 'अमृतानुभवा'त शून्यवाद्याला असेच अडवले: नाही म्हणणारा तरी उरतोच. उत्तर. 'काहीच नाही' म्हणणाऱ्यावर हा घाव अचूक बसतो, आणि ज्ञानदेवांनी तो घातला हे योग्यच. पण नागार्जुन तसे म्हणतच नाही. जाणणारा, जाणणे आणि जाणलेले ही तिन्ही परस्परांच्या आधाराने आहेत, एवढेच तो सांगतो.

१९५६ नंतर बौद्ध झालेल्या वस्त्यांत, विदर्भात आणि बालाघाटातही, 'बुद्ध आणि त्याचा धम्म' घरोघरी वाचला जातो. १९५७ साली, बाबासाहेब आंबेडकरांच्या निर्वाणानंतर प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या या ग्रंथात शून्यता म्हणजे सर्वनाश नव्हे हे स्पष्ट केले आहे. क्षणोक्षणी होणाऱ्या बदलाशी तिचा अर्थ जोडला आहे, आणि तिच्यामुळेच सारे शक्य होते असे म्हटले आहे. नागार्जुनाच्या चोविसाव्या प्रकरणातल्या चौदाव्या कारिकेचा आशयही हाच. ज्यांच्या घरी हा ग्रंथ आहे त्यांनी ते प्रकरणही मिळवून वाचावे. त्यात एकूण ४० कारिका आहेत. पहिल्या सहांत 'सारे शून्य मानले तर चार आर्यसत्येही बुडतील' हा आक्षेप आहे, आणि तो घेणारा स्वतः बौद्धच आहे. उरलेल्या ३४ त्याला दिलेले उत्तर आहेत.