भिंतीवरील देवता

बुऱ्हाणपूर म्हटले की इतिहासप्रेमी वाचकांस १६०१ साली अकबराच्या हाती गेलेला असीरगड आठवतो, १६३१ साली तेथे निवर्तलेली मुमताजमहल आठवते. परंतु तापीकाठच्या या निमाड प्रदेशाचा आणखीही एक इतिहास आहे. तो दगडावर कोरलेला नसून भिंतीवर रंगविलेला आहे. हरियाली अमावास्येस, म्हणजे आपल्या दिव्याच्या अवसेस, निमाडी स्त्रिया भिंतीवर जिरोतीचे चित्र रेखाटतात. त्याच सुमारास महाराष्ट्रात जिवतीचा छापील कागद देवघरात लागतो. नावांतील व तिथींतील हे साम्य लक्षणीय होय. आपल्याकडे छापखान्याने गृहिणीचा हात थांबविला; तिकडे तो चालता राहिला.

हा हात चालता कसा ठेवावा, याचा धडा डहाणूकडील वारल्यांनी घालून दिला आहे. लग्नप्रसंगी सुवासिनी गेरूच्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने देवचौक लिहितात. मध्यभागी पालघट देवी असते. १९७० नंतरच्या काळात भास्कर कुलकर्णी यांनी हे चित्र कागदावर आणण्यास प्रोत्साहन दिले. गंजाडचे जिव्या सोमा मशे यांनी, पुरुष असूनही आणि लग्नविधीचे निमित्त नसतानाही, नित्य चित्रलेखन आरंभिले. शेत, मासेमारीचे जाळे, तारप्याभोवतीचा नाच असा सारा वारली संसार त्यांनी जगापुढे मांडला. १९८९ साली पॅरिसच्या प्रदर्शनात त्यांची चित्रे लागली. २०११ साली त्यांस पद्मश्री मिळाली. २०१८ साली ते निवर्तले, परंतु त्यांच्या पुत्रांनी कुंचला खाली ठेवला नाही.

देवाचे चित्र विकावे काय, हा प्रश्न येथे उद्भवतोच. अमेरिकेतील नाव्हाहो जमातीपुढेही तो होता. त्यांचे वैदू रोगनिवारणार्थ रंगीत वाळूची चित्रे घालतात व विधी सरताच ती पुसून टाकतात. होस्टीन क्लाह या वैदूने विद्या लोपेल या भयाने, स्वजनांचा रोष पत्करून, ती चित्रे गालिच्यांत विणली. पुढे विक्रीसाठी वाळूचित्रे करणाऱ्या नाव्हाहो कलावंतांनी त्यांत हेतुपुरस्सर फरक ठेवले. विधीचे संपूर्ण चित्र बाजारात जाऊ दिले नाही.

देवळाशी ज्यांचा नित्य संबंध आहे, त्यांस हा विवेक नवा वाटू नये. मूळ मूर्ती गाभारा सोडीत नाही. पालखीतून मिरविते ती उत्सवमूर्ती. मात्र गाभाऱ्यातील पूजा खंडली, तर पालखीस अर्थ उरत नाही. जिरोती लिहिणारा हात जपला पाहिजे, तो याचसाठी.