गोळीचं नाव काय?

  आज आपण थोडा इतिहास ऐकणार आहोत. राजेरजवाड्यांचा नाही, गर्भारपणातल्या ओकाऱ्यांवरच्या गोळीचा.

गेल्या आषाढात भातलावणी चालू होती. आमच्या गटातल्या एका सुनेला दुसरा महिना होता. खाचरात वाकलं की तिच्या पोटात ढवळायचं. हातातली रोपांची मूठ टाकून ती बांधावर जाऊन ओकायची. गटाच्या बैठकीत विषय निघाला. एक मैत्रीण म्हणाली, "मेडिकलमधून गोळी आण, माझ्या बहिणीनं घेतली होती." सुनेच्या थोरल्या जावेनं लगेच अडवलं, "गोळी-बिळी नको गं बाई, पोर अधू निघतं." त्या सुनेनं काहीच घेतलं नाही. चौथ्या दिवशी घोटभर पाणीही पोटात ठरेना, लघवी कमी झाली, डोळ्यांपुढे अंधारी आली. भोरला नेऊन सलाईन लावावी लागली. आज माय-लेक सुखरूप आहेत. पण आम्हाला चुटपुट लागून राहिली. बैठकीत एवढ्या जणी होतो, आणि "कोणती गोळी?" हे एकीनंही विचारलं नाही.

जावेची भीती उगाच नव्हती. त्यामागे खरा इतिहास आहे.

1957 साली जर्मनीत थॅलिडोमाइड नावाचं झोपेचं औषध विक्रीला आलं. डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय मिळायचं. कंपनी सांगायची, अगदी निर्धोक आहे. पुढे ते गर्भार बायकांना मळमळीवरही दिलं जाऊ लागलं आणि अनेक देशांत पोहोचलं. पोटातल्या बाळावर त्याचा काय परिणाम होतो, हे कुणी नीट तपासलंच नव्हतं. मग हात-पाय आखूड असलेली, काही तर हात-पाय नसलेलीच बाळं जन्माला येऊ लागली. जगभरात अशी अंदाजे 10,000 बाळं झाली. कितीतरी जन्मल्यावर थोड्याच दिवसांत गेली. बाळाचे अवयव घडतात ते पहिल्या दोन-तीन महिन्यांत, आणि मळमळही नेमकी त्याच दिवसांत जास्त असते. त्या दिवसांत घेतलेल्या मोजक्या गोळ्याही घात करून गेल्या. आपल्याकडे अशा बाळाच्या आईला विचारतात, "ग्रहणात काय चिरलंस?" इथं दोष आईचा नव्हता, ग्रहणाचाही नव्हता. गोळीचा होता. जर्मनीत लेन्झ आणि ऑस्ट्रेलियात मॅकब्राइड या डॉक्टरांनी धोका ओळखला. नोव्हेंबर 1961 मध्ये जर्मनीत ते औषध दुकानांतून काढून घेतलं.

त्याच वेळी अमेरिकेत फ्रान्सिस केल्सी नावाच्या डॉक्टरबाई सरकारी औषध खात्यात नव्यानं कामाला लागल्या होत्या. 1960 साली याच औषधाच्या परवानगीचा अर्ज त्यांच्या टेबलावर आला. कंपनीनं तगादा लावला. बाई हलल्या नाहीत. औषध सुरक्षित असल्याचा पुरावा पुरेसा नाही, गर्भार बाईनं घेतलं तर बाळाचं काय, असं त्या विचारत राहिल्या. कंपनीनं डॉक्टरांना वाटलेल्या नमुन्याच्या गोळ्यांमुळे तिथंही थोड्या बाळांचं नुकसान झालं. पण ते औषध बाजारात आलं नाही आणि मोठा अनर्थ टळला. पुढे 1962 मध्ये तिथला औषधांचा कायदा कडक झाला.

गोष्ट इथंच संपली असती, तर जावेचं म्हणणं पूर्ण खरं ठरलं असतं. पण दुसऱ्या एका गोळीची गोष्ट उलटी आहे.

1956 पासून अमेरिकेत ओकाऱ्यांवर बेंडेक्टिन नावाची गोळी मिळत होती. त्यात मुख्य औषधं दोन, डॉक्सिलामिन आणि बी-6 जीवनसत्त्व. कोट्यवधी बायकांनी ती घेतली. थॅलिडोमाइडमुळे लोक धास्तावलेले होते. कुणाच्या बाळात व्यंग निघालं की या गोळीवर संशय यायचा. कोर्टात खटल्यांवर खटले पडले आणि 1983 मध्ये कंपनीनंच ती बंद केली. सरकारनं बंदी घातलेली नव्हती. मग काय झालं? व्यंग असलेल्या बाळांचं प्रमाण काही कमी झालं नाही. उलट ओकाऱ्यांनी बेजार होऊन दवाखान्यात भरती होणाऱ्या बायका वाढल्या. खूप मोठे अभ्यास झाले, बाळाला धोका दिसला नाही. 2013 मध्ये अमेरिकेत त्याच दोन औषधांच्या गोळीला पुन्हा मान्यता मिळाली. आपल्याकडेही डॉक्टर ही जोडगोळी लिहून देतात.

म्हणजे पहिल्यांदा न विचारता विश्वास ठेवला गेला, दुसऱ्यांदा न विचारता भीती धरली गेली. दोन्ही वेळा भोगलं बायकांनी.

आपल्या देशातही एक लढाई झाली. ती ओकाऱ्यांच्या गोळीची नव्हती, पण प्रश्न तोच होता. पाळी चुकली की दिवस गेलेत का हे पाहायला पूर्वी जास्त ताकदीची हार्मोनची इंजेक्शनं आणि गोळ्या देत. त्यांना ईपी औषधं म्हणत. दिवस असतील तर ते औषध थेट वाढत्या गर्भापर्यंत जाणार. त्यामुळे बाळात व्यंग येतं असा संशय डॉक्टरांनीच मांडला होता. 1982 मध्ये सरकारनं बंदीचा निर्णय घेतला, तर कंपन्या कोर्टात जाऊन स्थगिती घेऊन आल्या. महाराष्ट्रातल्या आणि देशभरातल्या स्त्री संघटना व आरोग्य कार्यकर्त्यांनी पाठपुरावा सोडला नाही. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं, जाहीर सुनावण्या झाल्या आणि 1988 मध्ये बंदी आली. आज आशाताई "निश्चय" किट आणून देते, लघवीच्या दोन-चार थेंबांत कळतं. त्या छोट्या पट्टीमागे बायकांची एवढी खटपट आहे.

मग आपण काय करायचं? मळमळ थोडी असेल तर थोडं थोडं, वरचेवर खायचं. सकाळी उठायच्या आधी कोरडी भाकरी किंवा चुरमुरे खायचे. आल्याचा तुकडा, लिंबूपाणी घ्यायचं. त्यानं भागलं नाही तर सोसत बसायचं नाही आणि मेडिकलमधून मनानं गोळीही आणायची नाही. डॉक्टरांना महिना सांगायचा आणि विचारायचं, "गोळीचं नाव काय? या महिन्यात चालेल का?" महिना महत्त्वाचा आहे. ओंडान्सेट्रॉनचंच बघा. 2018 च्या एका मोठ्या अभ्यासात पहिल्या तीन महिन्यांत ही गोळी घेतलेल्या 10,000 बायकांमागे साधारण तीन बाळं जास्त ओठ किंवा टाळू फाटलेली दिसली. धोका लहान आहे, म्हणून डॉक्टर गरज बघून ती देतात. पण तो निर्णय डॉक्टरांचा आहे, दुकानदाराचा नाही.

अंगावर पाजणाऱ्या बाईनं तर आवर्जून सांगायचं, "बाळ पितंय." डॉक्सिलामिननं आईला गुंगी येते, दुधातून बाळही सुस्त होऊ शकतं. म्हणून गर्भारपणातली उरलेली गोळी बाळंतपणानंतर मनानं घ्यायची नाही. डोमपेरिडोन दूध वाढवायला म्हणून कुणी सुचवलं तरी स्वतःहून घ्यायचं नाही, हृदयाच्या ठोक्यांवर त्याचा परिणाम होऊ शकतो. आणि गोळीच्या भीतीनं दूधही तोडायचं नाही. आधी विचारायचं. शिवाय पाजत असतानाही दिवस जाऊ शकतात, म्हणून मळमळ थांबत नसेल तर एकदा किट लावून बघायचं.

पाणीही ठरत नाही, लघवी कमी आणि गडद होते, चक्कर येते, वजन उतरतं किंवा उलटीत रक्त दिसतं, तर त्याच दिवशी दवाखाना गाठायचा. 102 किंवा 108 ला फोन करायचा. लावणी दोन दिवस थांबली तर चालेल.

आमच्या गटानं मासिक बैठकीत ठराव केला आहे. कुणीही पोटुशी किंवा बाळंतीण गोळीची गोष्ट काढेल, तेव्हा "घे" किंवा "नको" म्हणण्याआधी तिला गोळीचं नाव विचारायचं, आणि विचारायला दवाखान्यात एकीनं तिच्यासोबत जायचं. तुमच्या गटातही हा ठराव मांडून बघा.